सुभद्रेच्या पाठीवरची चिठ्ठी

सुभद्रा रेडीहून लग्न होऊन शिरोड्याला मयेकरांच्या घरी आली ती १९४९ सालच्या मे महिन्यात, सतराव्या वर्षी. निघताना बापाने तिला एकच गोष्ट बजावली. "हयसर इचारलंस तां इचारलंस. थंय जावन कोणाक कायएक इचारू नको."

बापाला काळजी वाटणं साहजिक होतं. समुद्र एवढा खारट तर त्यातला बांगडा अळणी कसा, देवाला नैवेद्य दाखवल्यावर पानातलं कमी का होत नाही, असलं काहीबाही विचारून या मुलीने अख्खी वाडी हैराण केली होती. ती लांबून येताना दिसली की देवळातला गुरव पाठच्या दाराने निघून जायचा.

सासू लक्ष्मीबाई दुष्ट नव्हती. उलट सुनेला पोटभर जेवू घालणारी, दुखलं-खुपलं बघणारी. पण तिच्या घरात प्रश्न म्हणजे उलट उत्तर. आल्या आठवड्यात सुभद्रेने विचारलं, नारळ दारामागेच का रचतात? लक्ष्मीबाईने हातातलं सूप खाली ठेवलं, सुनेकडे पाहिलं आणि म्हणाली, "थंयच रचतत म्हणान." त्यानंतर सुभद्रेने तोंड मिटलं ते मिटलंच. "भात घालू?" आणि "मीठ पुरो?" या दोन प्रश्नांवर तिने पाच वर्षं काढली.

नवरा काशिनाथ मचव्यावर खलाशी. कौलं, नारळ, खारवलेली मासळी घेऊन मचवा वर कच्छपासून खाली कोचीनपर्यंत फिरायचा. आठ महिने तो समुद्रावर आणि पावसाळ्याचे चार महिने घरी, पडवीत शिडं शिवत बसलेला. बोलणं बेताचं. परक्या बंदरातून त्याची पत्रं यायची ती आईच्या नावाने, आणि ती दारात उभा राहून पोस्टमन महादूच वाचून दाखवायचा. लक्ष्मीबाईला अक्षर येत नव्हतं. सुनेला येतं की नाही, हे कोणी विचारलं नव्हतं.

तोंड बंद असलं तरी सुभद्रेचे डोळे उघडे होते. मिठागरातला बगळा कुठला पाय आधी उचलतो, शेजारच्या हौसाबाईचा कोंबडा कोणाला बघून आरवतो, महादूची सायकल कुठल्या चढावर कुरकुरते, सगळं ती बघून ठेवायची. प्रत्येकाबद्दल मनात चार-दोन प्रश्न तयार असायचे. विचारायची सोय तेवढी नव्हती.

१९५४ च्या चतुर्थीला काशिनाथचा धाकटा भाऊ गुरुदास मुंबईहून आला. तो एका कंपनीत कारकून होता. साहेबाच्या निरोपाच्या पार्टीत तिथे एक खेळ खेळले होते, तो त्याच्या डोक्यात भरला होता. खेळ सोपा. कागदाच्या चिठ्ठीवर एक नाव लिहायचं, ती चिठ्ठी माणसाच्या पाठीला टाचणीने लावायची. सगळ्यांना ती दिसते, त्याला मात्र दिसत नाही. त्याने प्रश्न विचारायचे, बाकीच्यांनी फक्त होय किंवा नाय म्हणायचं, आणि वीस प्रश्नांत त्याने ओळखायचं की आपण कोण.

"आमच्या साहेबान राजे-राण्यो लिवल्यान," गुरुदास म्हणाला. "हयसर राजे कोणाक ठावक? मी वाडीतलीच नावां लिवतंय."

दुसऱ्या दिवशी दुपारी, काळ्या वाटाण्याची उसळ आणि वडे पोटात गेल्यावर, लोक गणपतीसमोर चटईवर आडवेतिडवे बसले होते. पहिला मान दाजींचा. दाजी म्हणजे बंदरावरचे जुने तांडेल, एकेकाळी मचवे चालवलेले, पांढऱ्या मिशांचे. गुरुदासने त्यांच्या पाठीला चिठ्ठी लावली आणि ती वाचून सगळ्यांनी तोंडाला पदर नि पंचे लावले.

"मी पुरुष?" दाजींनी विचारलं.

"होय!"

"माझो आवाज मोठो?"

"होय!"

"सगळ्यांच्या आधी उठान मी लोकांका कामाक लावतंय?"

"होय, होय!"

"पोरांटोरां माका भितत?"

"भितत तर!" हौसाबाई म्हणाली.

दाजींनी मिशीवरून हात फिरवला. "मगे कित्याक इचारूचा? मी दाजीच!"

हसून हसून लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं. चिठ्ठी काढून हातात दिली तेव्हा दाजींनी ती दोनदा वाचली. तिच्यावर लिहिलं होतं, 'हौसाबायचो कोंबो'. "कोंबो बरो आसा," एवढंच म्हणून त्यांनी चहा मागितला.

आणखी तिघा-चौघांच्या पाळ्या झाल्या. नेवऱ्यांचं ताट घेऊन सुभद्रा दाराशी उभी होती. गुरुदासची नजर तिच्याकडे गेली. "वयनी, आता तू ये."

"तिका काय इचारूचा ठावक आसा?" लक्ष्मीबाई म्हणाली.

"आये, खेळाचो नियमच तसो. इचारल्याशिवाय चलणा नाय."

नियम म्हटल्यावर लक्ष्मीबाईचा नाइलाज झाला. नियमांची तिला फार पत्रास. "नियम आसा तर इचार," ती सुनेला म्हणाली.

सुभद्रा चटईच्या कडेला बसली. पाठीला टाचणी लागली. तोवर सगळ्यांनी मी बाई की पुरुष, इथपासूनच सुरुवात केली होती. ती खालच्या मानेने म्हणाली, "माका भूक लागता?"

लोक चमकले. असं कोणी विचारलं नव्हतं. "नाय," गुरुदास म्हणाला.

"मी पावसात भिजतंय?"

"होय."

"घरात घेतल्यार माका कोपऱ्यात उभी करतत?"

"होय."

तिने मान वर केली. "दाजी माका चाय गावता थंयच इसरान येतत?"

असा हशा झाला की गणपतीवरच्या माटवीला टांगलेल्या काकड्या हलल्या. चिठ्ठीवर लिहिलं होतं, 'दाजींची छत्री'. चार प्रश्नांत! दाजी स्वतःच सगळ्यांत मोठ्याने हसत होते, कारण ती छत्री त्या क्षणीही हौसाबाईच्या ओसरीवर होती. सुभद्रेचे कान तापले. पाच वर्षांत पहिल्यांदा तिने विचारलं होतं आणि लोकांनी उत्तरं दिली होती.

पुढची पाळी काशिनाथची. गुरुदासने त्याच्या पाठीला चिठ्ठी लावली आणि वहिनीला म्हणाला, "ह्येची उत्तरां तू दी."

सुभद्रेने चिठ्ठीकडे पाहिलं. काळ्या रेघा, वळणं, टिंबं.

"माका चार पाय आसत?" काशिनाथने विचारलं.

"होय," ती म्हणाली.

"शिंगां?"

"होय."

लोक एकमेकांकडे बघू लागले. चिठ्ठीवर 'मिठागरातलो बगळो' असं लिहिलेलं होतं. काशिनाथने पुढे विचारायला तोंड उघडलं, पण सगळे असे का गप्प झाले म्हणून त्याने मागे वळून बायकोच्या तोंडाकडे पाहिलं आणि थांबला. सुभद्रा ताट उचलून आत गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती विहिरीवर पाणी काढत असताना काशिनाथ मागून आला.

"तुका वाचूक येणा नाय?"

"नाय."

"पाच वर्सां माका सांगूक नाय तां?"

"तुमी इचारूक नाय."

त्याने तिच्या हातातला दोर घेतला आणि कळशी वर ओढली. "तू तरी खंय इचारलंस, माझ्या कागदात काय लिवलेला आसता तां?"

"महादू वाचता तां सगळा आयेसाठी. माझ्यासाठी काय आसता तेच्यात?"

काशिनाथने कळशी कठड्यावर ठेवली आणि म्हणाला, "आसता. शेवटाक 'सर्वांस नमस्कार' लिवतंय मा? तेच्यात तू आसतंस."

सुभद्रेला हसू आवरेना. तिला हसताना बघून तोही हसला.

दुपारी पुन्हा लोक जमले तेव्हा ती आपणहून गुरुदासजवळ गेली. हातात जुन्या कॅलेंडरच्या पानांचे तुकडे होते आणि त्यांच्या कोऱ्या बाजूवर कोळशाने काढलेली चित्रं. ती चित्रांतूनच नावं द्यायची ठरवून आली होती. दशावतारातल्या राजाची मिशी, सोंग उतरल्यावर खिळ्याला लटकलेली. वेंगुर्ल्याच्या बोटीचा भोंगा. चढावर दमलेली महादूची सायकल, जीभ बाहेर काढलेली. आणि रापणीच्या जाळ्यातून एकटाच बाहेर राहिलेला बांगडा, आतल्यांकडे बघणारा.

"ह्यो बांगडो असो कित्याक बघता?" हौसाबाईने विचारलं.

"माका पण ताच वळखूचा आसा," सुभद्रा म्हणाली.

त्या दिवशी खेळ दिवेलागणीपर्यंत चालला. अक्षर न येणाऱ्या चारपाच बायका त्यात बसल्या. चित्र सगळ्यांनाच वाचता येत होतं.

मचवा पाण्यात जायला अजून तीन आठवडे होते. तेवढ्यात काशिनाथने प्रत्येक चित्राखाली त्याचं नाव लिहून दिलं. शाळेत मुलं अ-आ-इपासून शिकतात. सुभद्रेने सुरुवात केली ती 'छत्री'पासून. त्या जोडाक्षराने तिचे दोन दिवस खाल्ले, पण त्यापुढे 'भोंगा' नि 'मिशी' म्हणजे किरकोळ वाटायला लागले.

त्या वर्षी डिसेंबरात महादूने दारात घंटी वाजवली आणि कार्ड उलटसुलट करून पाहिलं. "ह्यां काय गो? तुझ्या नावान आसा!"

कार्डावर मोठ्या मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, 'मी खंय आसंय वळख. हयसर उंट गाडी ओढता. दहा प्रश्न.' खाली ज्या बंदरात मचवा पुढे लागणार होता तिथल्या व्यापाऱ्याचा पत्ता.

सुभद्रेने तासभर लावून कार्ड वाचलं. महादू तोवर उंबऱ्यावर बसून राहिला, कारण त्यालाही ते बंदर कुठलं हे कळायला हवं होतं. मग तिने उत्तर लिहिलं. थंय नारळ आसत? लोक मासळी खातत? सूर्य पाण्यात बुडता? चौथ्या प्रश्नाची शाई पसरली. तीन आठवड्यांनी कार्ड आलं, 'नाय. थोडे खातत. होय. चवथो प्रश्न वाचूक गावलो नाय, परत लिव.' तोपर्यंत मचवा तिथून कधीच निघून गेलेला असायचा. पण त्याने काही बिघडत नव्हतं. बंदरं ओळखता यावीत म्हणून तिने शाळेतल्या सत्यवान मास्तरांकडून किनाऱ्याचा नकाशा उतरवून आणला आणि स्वयंपाकघराच्या भिंतीला चिकटवला. मांडवी, पोरबंदर, वेरावळ, मंगळूर, कालिकत. भात शिजेपर्यंत ती बोटाने किनारा चालत जायची. लक्ष्मीबाई नकाशाकडे तिरक्या नजरेने बघायची, पण तो कित्याक लावला, असं तिने कधी विचारलं नाही. विचारणं तिच्या स्वभावात नव्हतं.

अशी सहा-सात वर्षं गेली. चतुर्थीचा खेळ आता मयेकरांकडचा म्हणून ओळखला जायला लागला. चाकरमानी मुंबईहून यायचे ते पहिल्यांदा विचारायचे, "यंदा सुभद्रान काय काय काढल्यान?" तिच्या चिठ्ठ्यांची फजितीही व्हायची. एकदा तिने 'माहेरवाशिणीची पिशवी' असं लिहिलं, ती पाठीवर लागली मुंबईच्या एका बड्या कारकुनाच्या. येताना रिकामी येतंय का, जाताना भरून जातंय का, या प्रश्नांना सगळ्यांनी एवढ्या जोराने होय म्हटलं की तो गृहस्थ रुसून जेवला नाही. सुभद्रेला वाईट वाटलं. दुसऱ्या दिवशी ती त्याच्या घरी जाऊन आली. त्यानंतर चिठ्ठी कोणाला लागेल याचा विचार ती आधी करायची.

मचव्यांचा धंदा बसत चालला. माल ट्रकने जायला लागला. १९६२ साली काशिनाथने समुद्र सोडला आणि रेडीच्या बंदरात खनिज चढवण्याच्या कामावर लागला. आता तो रोज घरी यायचा. कार्डं बंद झाली. पहिले काही महिने सुभद्रेला त्याची चुटपुट लागली, आणि तसं तिने त्याला सांगितलंही. "मगे इचार मा तोंडान," तो म्हणाला. तेव्हापासून रोज संध्याकाळी तो हात-पाय धुऊन बसला की ती विचारायची आणि तो होय-नाय म्हणायचा. आज बंदरात कोण काय बोललं, हे तिला नुसतं सांगून चालायचं नाही.

१९६३ च्या चतुर्थीला दुपारी चिठ्ठ्या वाटून झाल्या. लक्ष्मीबाई नेहमीप्रमाणे भिंतीला टेकून बसली होती. नऊ वर्षं ती तिथूनच बघत आली होती. अचानक म्हणाली, "माझ्या पाठीक लाव."

सुभद्रेने चिठ्ठ्या चाळल्या, मग बाजूला होऊन एक नवीन चित्र काढलं आणि सासूच्या पाठीला स्वतः टाचणी लावली.

लक्ष्मीबाईला प्रश्न सुचेना. साठ वर्षांत सवयच नव्हती. ती पदराशी चाळा करत राहिली. "मी... ह्याच घरातली?"

"होय," सुभद्रा म्हणाली.

"मी जुनी?"

"होय."

"माझ्याकडे सगळ्यांका दिवसाक एकदा तरी येवचा लागता?"

"होय, आये!"

लक्ष्मीबाई जरा पुढे सरकली. आवाज खाली आला. "माका कोण इचारता?"

हा होय-नायचा प्रश्न नव्हता. खेळातला तरी होता की नाही, कोणास ठाऊक. गुरुदासने नियम सांगायला तोंड उघडलं, पण सुभद्रेने त्याला हाताने थांबवलं.

"सगळे इचारतत," ती म्हणाली. "पान मांडल्यार पयला तुमकाच इचारतत. तुमी नसल्यार जेवणाक चव नाय."

लक्ष्मीबाईने थोडा विचार केला. "मगे मी लोणच्याची बरणी!"

चिठ्ठीवर माळ्यावरची मोठी, काळ्या झाकणाची बरणी होती, कमरेला चाव्यांचा जुडगा लावलेली. दाजींनी टाळ्या वाजवल्या. लक्ष्मीबाई हसली, आधी तोंडावर हात ठेवून आणि मग हात काढून.

संध्याकाळी दोघी वाटण वाटत बसल्या होत्या. लक्ष्मीबाईने भिंतीवरच्या नकाशाकडे बोट केलं. "मंगळूर ह्येच्यात खंय आसा गो?"

सुभद्रेने उठून दाखवलं.

"आणि काशिनाथ पयल्यांदा गेलो तां?"

तेही दाखवलं. मग म्हातारीने तिसरं बंदर विचारलं, चौथं विचारलं. वाटण पाट्यावर वाळायला लागलं तरी तिचे प्रश्न संपेनात. सुभद्रा भिंतीशी उभी राहून एकेक बंदर सांगत होती. बाहेर काशिनाथ जेवणाची वाट बघत बसला होता, आणि आत काय चाललंय हे त्याला कोणीच सांगत नव्हतं.