चोरघडे हे नाव चालणार नाही

काकांनी माझ्या टेबलावर पाच कागद ओळीनं मांडले. आधार कार्ड, पॅन कार्ड, मतदार ओळखपत्र, रेल्वेच्या पेन्शनचा कागद आणि स्वतःच्या लग्नाची पत्रिका. पत्रिका प्लास्टिकच्या पिशवीत होती.

"आता सांगा मॅडम," ते म्हणाले, "यातल्या कोणत्या कागदावरचं नाव असभ्य हाय?"

पाचही कागदांवर एकच नाव होतं. वसंत नारायण चोरघडे.

मी रायपूरच्या एका छोट्या गेमिंग कंपनीत सपोर्ट हेड आहे. आमचा मोबाईलवरचा कॅरम आहे. लोक घरबसल्या एकमेकांशी ऑनलाईन खेळतात. कुणाला काही अडचण आली की तो तक्रार लिहितो, तिला आम्ही तिकीट म्हणतो. तिकीट उघडायचं, सोडवायचं, बंद करायचं, हे माझ्या टीमचं काम. आमचं ऑफिस पंडरीत आहे, खाली साड्यांचं होलसेल दुकान आणि वर आम्ही. सहा वर्षांत एकही खेळाडू जिना चढून तक्रार घेऊन आला नव्हता. चोरघडे काका तात्यापारा मोहल्ल्यातून स्कूटरनं आले होते.

"काय झालं ते नीट सांगा काका," मी म्हटलं.

"सांगायचं काय? आठ महिन्यांपासून खेळून राहिलो. नाव टाकलं व्ही एन चोरघडे. मंगळवारी गेम उघडला, तर माहं नावच गायब." त्यांनी मोबाईल माझ्यासमोर धरला. "हे वाचा. मोठ्यानं वाचा."

मी वाचलं. 'आपले नाव असभ्य असल्यामुळे बदलण्यात आले आहे. कृपया सभ्य नाव निवडा.' आणि खाली नवं नाव, प्लेयर ४८२१३.

ते वाक्य मीच लिहिलं होतं. पण त्या वेळी मी ते सांगितलं नाही.

झालं असं होतं की आमच्या गेममध्ये लोक स्वतःचं नाव स्वतः ठेवतात. त्याला डिस्प्ले नेम म्हणतात. समोरच्याला तुमच्या फोटोखाली दिसतं ते. काही महाभाग तिथे शिव्या लिहायचे. आयांच्या तक्रारी यायच्या की आमची मुलं हे वाचतात. म्हणून मी आणि आमचा डेव्हलपर तोषण, आम्ही दोघांनी बसून वाईट शब्दांची एक लिस्ट बनवली. इंग्रजी लिपीत, कारण बहुतेक लोक तसंच टाइप करतात. सोमवारी ती चालू केली. यालाच फिल्टर म्हणतात. चहाच्या गाळणीसारखं. फरक एवढाच की गाळणीला चहापत्ती कळते. फिल्टरला शब्द कळत नाही, त्याला फक्त अक्षरं दिसतात. लिस्टमध्ये 'चोर' होता. चोरघडेची सुरुवातीची चार इंग्रजी अक्षरं तीच. उरलेलं आडनाव त्यानं वाचलंच नाही.

"काका, ही मशीनची चूक आहे. आत्ता नीट करून देते."

मी हातानं नाव बदललं. काकांनी गेम बंद करून परत उघडला. आमच्या दोघांच्या डोळ्यांदेखत चोरघडेचं परत प्लेयर ४८२१३ झालं. फिल्टर दर वेळी गेम उघडताना नाव तपासत होता.

"वा," काका म्हणाले.

मग त्यांनी स्वतः नाव टाकून पाहिलं. 'हे नाव चालणार नाही.' दुसरं काही टाकू म्हटलं, तर 'आपण तीस दिवसांनी नाव बदलू शकाल.' नाव महिन्यातून एकदाच बदलता येतं, असा आमचा नियम आहे. लोक एकाला शिवी देऊन लगेच नाव बदलतात, ते थांबवायला केलेला. मशीननं बदललेलं नावही काकांच्याच खात्यात मोजलं गेलं होतं.

"तीस दिवस मले हा नंबर लावून फिरा लागन?" काका म्हणाले. "मॅडम, मी रेल्वेत टीसी होतो. अडतीस वर्षं छातीवर या नावाची पाटी लावून तिकिटं तपासली. विनातिकीटवाला पकडला की म्हणे, साहेब, तुमचं तर नावच चोर हाय. मी म्हणो, नाव माहं हाय, काम तुहं हाय. काढ पैसे. कोणाच्या बापाची हिंमत नाही झाली पाटी बदलायची. अन् तुमच्या मोबाईलनं एका रात्रीत बदलली."

मला हसू येत होतं आणि लाजही वाटत होती.

खरी अडचण पुढे होती. रेल्वेतल्या जुन्या सोबत्यांचा गेममध्ये एक क्लब होता. कोणी नागपूरला, कोणी बिलासपूरला, कोणी गोंदियाला. रोज संध्याकाळी पाच वाजता खेळायचे. त्यांनी स्पर्धा ठेवली होती आणि काका पहिल्यांदाच फायनलला पोचले होते. फायनल रविवारी. आमच्या गेममध्ये स्पर्धेची यादी नावावर बनते. यादीत व्ही एन चोरघडे आणि दारात उभा प्लेयर ४८२१३. गेम त्यांना आत घेणार नव्हता. यादी खेळाडूच्या कधी न बदलणाऱ्या आयडी नंबरवर बनवायला पाहिजे होती हे तोषणला त्या दिवशी उमगलं. पण ते बदलायला नवा अपडेट काढावा लागला असता. त्याला आठवडा लागतो आणि आज बुधवार होता.

"सोबती काय म्हणतात?" मी विचारलं.

"काय म्हणतीन? आता मले फोनवर अठ्ठेचाळीस म्हणून बोलावतात. गोंदियाचा सदाशिव तर म्हणते, असभ्य, चहा प्यायला का?"

मी काकांना रविवारच्या आत करून देते म्हणून सांगितलं. त्यांनी कागद एकेक करून उचलले, पत्रिका सगळ्यात शेवटी.

मग मी मनीष सरांकडे गेले. ते आमचे मालक. ते म्हणाले, "एक यूजर के लिए पॉलिसी नहीं बदलेगी. उनको बोलो कोई और नाम रख लें. टायगर, लायन, कुछ भी."

"सर, त्यांचं आडनाव आहे ते."

"गेम में कौन सरनेम रखता है?"

"रिटायर्ड लोक ठेवतात सर. त्यांना लपायचं नसतं."

सर म्हणाले शुक्रवारनंतर बघू. शुक्रवारी इंदूरहून दोन पाहुणे येणार होते. आमच्या कंपनीत पैसे लावायचे की नाही ते ठरवायला. गुरुवारी संध्याकाळी मी तोषणकडे गेले. तोषण म्हणजे दोन मुलींचा बाप, दुर्गचा, अतिशय शांत माणूस.

"तोषण भैया, लिस्टमधून चोर काढून टाक."

"पूरा?"

"पूर्ण. एक शब्द गेल्यानं काय होते?"

"हव," तोषण म्हणाला, आणि काढून टाकला.

मी हातानं नाव परत टाकलं आणि काकांना फोन केला. त्यांनी गेम उघडला. चोरघडे जागेवर. "बेटा, बसलं नाव," ते म्हणाले. मॅडमची बेटा झाले होते. मी खुशीत घरी गेले.

शुक्रवारी अकरा वाजता पाहुणे आले. मनीष सरांनी मीटिंग रूममधल्या मोठ्या टीव्हीवर लीडरबोर्ड लावला. लीडरबोर्ड म्हणजे त्या आठवड्यात सगळ्यात जास्त जिंकणाऱ्यांची यादी. सर टीव्हीकडे पाठ करून सांगत होते की आमची कम्युनिटी किती निरोगी आहे, फॅमिली ऑडियन्स आहे, सोमवारपासून आम्ही नावांवर कडक फिल्टर लावला आहे.

पाहुण्यांपैकी वयस्कर होते ते चष्मा सावरून टीव्हीकडे बघत होते. मग त्यांनी हळूहळू वाचायला सुरुवात केली.

"रानी चोर. महाचोर रायपुर. सरपंच चोर है." थोडं थांबले. "और ये एक नंबर पर कौन है? ये गेम ही चोर है."

सर वळले. मी तोषणकडे पाहिलं. तोषण जमिनीकडे पाहत होता.

एका रात्रीत लोकांना कसं कळलं ते मला आजही माहीत नाही. एकानं सहज टाकून पाहिलं असेल, नाव बसलं, बाकीच्यांनी पाहिलं. अडवलेली गोष्ट मोकळी झाली की माणसं रांग लावतात. सोमवारपूर्वी कुणालाही स्वतःला चोर म्हणवून घ्यायची हौस नव्हती.

पाहुणे जेवून गेले. 'सोचकर बताते हैं' म्हणाले. दार बंद झाल्यावर सर फार शांतपणे बोलले, आणि ते ओरडण्यापेक्षा वाईट असतं.

"किसने निकाला?"

"मी काढायला सांगितलं सर."

"वापस डालो. और ये सब नाम अभी के अभी हटाओ."

इथे आमचाच नियम आमच्या आडवा आला. महिन्यातून एकदाच नाव बदलायचं, म्हणजे त्यांना स्वतःहून बदलता येईना. एकेका चोराला त्याचं जुनं नाव हातानं परत द्यावं लागलं. माझी टीम दुपारभर तेच करत होती. आणि चोर शब्द लिस्टमध्ये परत गेल्याबरोबर काका पुन्हा प्लेयर ४८२१३ झाले.

त्यांचा फोन आला. "बेटा, पाटी परत पडली."

मी त्यांना सगळं खरं सांगितलं. लिस्ट मी बनवली, ते वाक्यही माझंच, आणि नीट करायला गेले ते पण मीच बिघडवलं. काकांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "मनापासून सांगितलं, बरं केलं. आता काय करा लागन ते सांग."

काय करायचं ते तोषणनं सांगितलं. "मॅडम, एक अपवाद की लिस्ट बनाते हैं. जो असली सरनेम हैं, वो पूरा शब्द मिले तो छोड़ दो. बाकी रोको. कल तक हो जाएगा. लेकिन सरनेम लाओ. मुझे साहू, वर्मा, देवांगन के आगे नहीं आता."

मलाही चार-पाचच आठवली. काकांना सहज विचारलं, तुम्हाला अशी आडनावं माहीत आहेत का, ज्यात असा एखादा शब्द येतो?

शनिवारी सकाळी दहाला काका जिना चढून आले. हातात वहीची चार पानं, दोन्ही बाजूंनी भरलेली.

"अडतीस वर्षं रिझर्व्हेशनचा चार्ट वाचला," ते म्हणाले. "माणूस नाही ओळखत मी, पण आडनाव विसरत नाही."

तोषणनं एकेक नाव फिल्टरमध्ये टाकून पाहिलं. गाढवे, अडकला. कुत्तरमारे, अडकला. चोरमले, अडकला. सलामे, अडकला, कारण इंग्रजी अक्षरांत त्यात साला होता. सलाउद्दीनही त्यातच अडकला. मग आम्ही नुसतं 'सलाम रायपूर' टाकून पाहिलं. 'हे नाव चालणार नाही.'

"नमस्कार पण करू देत नाही का रे तुमचं मशीन?" काकांनी विचारलं. तोषण पहिल्यांदा मोकळा हसला.

मनीष सर आवाज ऐकून बाहेर आले. काका उठून उभे राहिले नाहीत. त्यांनी चार पानं सरांपुढे केली. सरांनी दोन पानं वाचली. फिल्टर लावल्यापासून पाच दिवसांत आम्ही अशा किती लोकांना असभ्य म्हटलं, ते त्यांनी मला विचारलं. मी मशीननं बदललेल्या नावांची यादी काढून दाखवली. बहुतेकांनी तक्रारच केली नव्हती. गेम सोडून गेले होते. सरांनी स्वतः काकांसाठी चहा मागवला, आणि अपवादाच्या लिस्टला तिथेच हो म्हटलं.

संध्याकाळी सहाला लिस्ट चढली. चोरघडे आत, महाचोर बाहेर. ते वाक्यही मी बदललं. आता तिथे लिहिलं आहे, 'हे नाव तपासण्यासाठी थांबवले आहे. हे आपले आडनाव असेल तर आम्हाला कळवा.'

रविवारी पाचला मी घरी मोबाईल उघडून फायनल पाहिली. काकांसमोर गोंदिया किंग नावाचा खेळाडू होता. तिसऱ्या बोर्डात काकांनी राणी घेतली, पण तिच्यामागे लागणारी सोंगटी चुकली आणि सामना गेला.

सोमवारी फोन आला. मला वाटलं नाराज असतील.

"हरलो," काका म्हणाले. "पण नाव लावून हरलो. आता तुह्याकडे एक तिकीट येईन. आमच्या सदाशिवचं, महिना भरायच्या आत नाव बदलाचं हाय. गोंदिया किंग तोच. लहानपणापासून पोट्टे चिडवत, म्हणून कुठं आडनाव लावत नाही. मी त्याले सांगितलं, आता मशीनले पण मान्य हाय, लाव."

तिकीट दुपारी आलं. एस कुत्तरमारे. मी स्वतः ते नाव लावून दिलं आणि तिकीट बंद केलं.

इंदूरच्या पाहुण्यांचं उत्तर अजून आलेलं नाही. लिस्टमध्ये नवा शब्द टाकायचा असला की तोषण आधी तात्यापाऱ्यात काकांना फोन लावतो. या नोकरीत मी एवढंच शिकले की मशीनला शिव्या शिकवायला एक दुपार पुरते. माणसांची आडनावं शिकवायला रिटायर्ड टीसी लागतो.