बाद फेरीची तेरा वर्षं

माझ्या लग्नाच्या दोन दिवस आधी आमच्या तालमीच्या फुटबॉल संघानं बाद फेरीतला एक सामना जिंकला. मी शिवाजी पेठेत नांदायला आले आणि चौथ्या दिवशी तोच संघ सेमी फायनल हरला. त्यानंतर तेरा वर्षं बाद फेरीत त्यानं एकही सामना जिंकला नाही. साखळी सामन्यांत चांगला खेळायचा, मोठमोठ्या संघांना घाम फोडायचा. पण हरला तो घरी, असे सामने सुरू झाले की आमचे जांभळे शर्ट पहिल्याच दिवशी धुवायला पडायचे.

मी शिरोळकडची. आमच्या शिवारात ऊस आणि गावात कबड्डी. फुटबॉल मी पाहिला होता तो शाळेच्या कपाटात, हवा गेलेला. नवरा बघायला आला तेव्हा त्यानं मला एकच गोष्ट विचारली होती, "मार्च-एप्रिलात रविवारचा मी घरात नसतोय. चालंल का?" तो फौंड्रीत नोकरीला होता. मला वाटलं, ओव्हरटाइम असेल. मी मान डोलावली.

तो संघाचा राइट बॅक होता, म्हणजे उजव्या बाजूचा बचाव त्याच्याकडं. लग्नानंतर जोतिबाला जायचं असतं, तेही सेमी फायनलसाठी पुढं ढकललं गेलं. हातातलं हळकुंड अजून सोडलं नव्हतं आणि पंच ते घालून खेळू देईनात, म्हणून त्यावर पांढरी पट्टी गुंडाळून तो मैदानात उतरला. सामना संपायला थोडा वेळ असताना समोरच्या संघाला कॉर्नर मिळाला. चेंडू बाहेर काढायला म्हणून आमच्या नवरदेवानं उडी मारली आणि चेंडू त्याच्या डोक्याला लागून आमच्याच जाळीत गेला. एक शून्य. घरी आला तेव्हा त्यानं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. सरळ न्हाणीत गेला आणि बराच वेळ नुसतं पाणी ओतल्याचा आवाज येत राहिला.

पहिल्या वर्षी लोक चेष्टा करायचे. दुसऱ्या वर्षी संघ बाद फेरीच्या पहिल्याच सामन्यात बाहेर गेला, तेव्हा चेष्टेला शब्द मिळाला. पायगुण. मी दळण घेऊन गिरणीत उभी होते. रांगेतल्या एक बाई दुसरीला म्हणाल्या, "ही आल्यापास्नं एक मॅच न्हाय बघ जिंकलेली." आवाज दबका होता, पण मला ऐकू यावा इतकाच दबका. माझ्यामागं माझ्या सासूबाई होत्या. आम्ही त्यांना आत्या म्हणतो. आत्यांचा भाऊ त्याच संघाचा गोलकीपर होता, त्यामुळं त्या लहानपणापासून फुटबॉलवर वाढलेल्या. त्यांनी दळणाचा डबा खाली ठेवला.

"पायगुण बघायचाच आसंल तर त्या अकरा जणांच्या पायाचा बघा की," त्या सगळ्या गिरणीला ऐकू जाईल अशा म्हणाल्या. "माझ्या सुनंचे पाय घरात हायत. मैदानात न्हाईत!"

गिरणीवाला हसला, त्या बाईही ओशाळून हसल्या. मीही हसले. पण घरी येऊन पीठ चाळताना माझे डोळे भरून आले. आत्यांनी पाहिलं असावं. त्या दिवशी भाकऱ्या त्यांनीच केल्या.

तिसऱ्या वर्षापासून मी एक गोष्ट सुरू केली आणि कुणाला सांगितली नाही. मी बालवाडीत शिकवते. सुट्टी लागली की माहेरी जाणं आलंच. ती सुट्टी मी बाद फेरीच्या तारखा बघून घ्यायला लागले. संघाचा सामना असेल त्याच्या आदल्या दिवशी मी पेठेच्या बाहेर. शिकलेली बाई मी, मुलांना शिकवते, मला काय हे कळत नव्हतं? कळत होतं. पण एकदा का संघ जिंकला की हे सगळं संपेल, मग माझे पाय कुठं होते ते कोण विचारणार आहे, असं वाटायचं.

संघ हरतच राहिला. एका वर्षी टायब्रेकरपर्यंत सामना गेला. मी शिरोळला गोठ्याच्या दारात फोन कानाला लावून उभी होते आणि पलीकडून नवरा एकेक पेनल्टी सांगत होता; त्या वर्षी दुखापतीमुळं तो बाहेर बसला होता. शेवटची आमच्या पोरानं आडव्या खांबावर मारली. नवरा काहीच बोलला नाही, त्यावरूनच कळलं. मी फोन ठेवला आणि मला एकदम हलकं वाटलं. मी नव्हते, तरी ते हरले. म्हणजे माझ्यामुळं नाही. त्या आनंदात मी म्हशीच्या पाठीवर चक्क थाप मारली. मग लाज वाटली. नवरा तिकडं कुठल्यातरी पायरीवर मान खाली घालून बसला असणार आणि मी इथं खूश होते.

सातव्या की आठव्या वर्षी सामने लवकर लागले. बालवाडीला सुट्टी नव्हती. मी आत्यांना सांगितलं, आईची तब्येत बिघडलीय. आत्यांनी खाली मान घालून लसूण सोलता सोलता "जा की" म्हटलं. दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी विचारपूस करायला माझ्या आईला फोन लावला. मी माहेरी परड्यात होते. आई फोनवर म्हणाली, "मला काय धाड भरलीया? चांगली शेणी थापत बसलोय."

संध्याकाळी पाचच्या एसटीनं आत्या स्वतः दारात हजर. हातात पिशवी, पिशवीत माझ्या आईसाठी अर्धा डझन केळी.

"आजारी माणसाला रिकाम्या हातानं कसं यायचं?" त्या म्हणाल्या. आई हसायला लागली. मला जमीन दुभंगेल तर बरं असं झालं.

चहा झाला. मग आत्या म्हणाल्या, "चल. उद्या मॅच हाय."

"आत्या, मी इथंच..."

"मला सगळं कळलंय. तारखा मलाबी वाचता येत्यात." त्या उठल्या. "उद्या तू माझ्यासंगं स्टेडियमात बसायचीस. पायगुण हाय की न्हाय, समोरासमोर बघू."

जयसिंगपूरला गाडी बदलावी लागली. स्टँडच्या बाकावर आम्ही दोघी शेजारी बसलो होतो. मी त्यांना पहिल्यांदाच सगळं सांगितलं, गोठ्यातल्या त्या आनंदासकट. मला वाटलं रागावतील. त्या थोडा वेळ समोरच्या गाडीची पाटी वाचत राहिल्या.

"माझा भाऊ गोल खाऊन यायचा," मग म्हणाल्या, "तवा आमची आई त्याला जेवायला वाढायची न्हाई. मी चोरून भाकरी द्यायची. माणसाला जेवायला घालायचं सोडून ह्यो कसला खेळ, असं वाटायचं मला. पर दुसऱ्या दिवशी परत बघायला मीच पुढं." त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "तू सात वरसं उपाशी ऱ्हायलीस की गं."

त्या रात्री नवरा गच्चीवर बुटांचा चिखल काढत बसला होता. आत्यांनी त्याला काय सांगितलं ते मला माहीत नाही. मी वर गेले तर तो बूट खाली ठेवून म्हणाला, "तू मला का न्हाई सांगितलंस?"

"काय सांगू? तुम्हाला आधीच ताप कमी होता का?"

तो बुटाच्या नाड्या ओढायला लागला. मग मान वर न करता म्हणाला, "त्यो गोल माझ्या डोक्यानं गेलता. सगळ्यांनी बघितलं. मग लोक तुझा पायगुण म्हणायला लागले आणि माझ्या गोलाचं बोलायचे थांबले. मला बरं वाटायचं ते. मी एकदाबी कुणाला गप बस म्हटलं न्हाई."

मला राग यायला हवा होता. आलाही, थोडासा. पण ह्या माणसाला इतकं बोलताना मी लग्नानंतर पहिल्यांदाच ऐकत होते. मी त्याच्या शेजारी बसले, दुसरा बूट घेतला आणि काडीनं चिखल काढायला लागले. मग मीही त्याला म्हशीच्या पाठीवरची थाप सांगितली. तो हसला. असा हसला की खालून आत्यांनी विचारलं, "काय झालं रं?"

दुसऱ्या दिवशी मी पहिल्यांदा स्टेडियमात गेले. बायकांच्या बाजूला आत्यांनी रुमाल टाकून जागा धरली. सामना आम्ही दोन गोलनं हरलो. माझे पाय तिथंच होते, आत्यांच्या पायांशेजारी. बाहेर पडताना आमच्या गल्लीतला एक जण मला बघून काहीतरी बोलायला गेला. त्याआधीच माझा नवरा जर्सीतच, घामाघूम, मध्ये येऊन उभा राहिला.

"आमचा डिफेन्स फाटका हाय," तो म्हणाला. "त्यात माझी चूक जास्त. चल, चहा पाजतो तुला."

त्यानंतर कुणी मला काही बोललं नाही.

मी मात्र फुटबॉलला लागले. ऑफसाइड मला आत्यांनी शेंगा ओळीत मांडून शिकवला. नवऱ्यानं पुढं गुडघ्यामुळं खेळणं सोडलं आणि तो संघाबरोबर सरावाला जायला लागला. काळ बदलला. पैसे घेऊन खेळणारी बाहेरगावची पोरं आली, मॅच मोबाइलवर दिसायला लागली. हरण्यात मात्र बदल नव्हता. दरवर्षी आम्ही दोघी आणि नंतर माझी मुलगी, अशा तिघी जायचो आणि तिघी हरून यायचो.

या वर्षी क्वार्टर फायनलच्या तीन आठवडे आधी आत्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. मुलगी वडिलांबरोबर मैदानावर गेली आणि मी आत्यांजवळ घरी थांबले. खाटेवर उशीला टेकवून आम्ही मोबाइल उभा केला. मोबाइलवरची मॅच खऱ्या मॅचच्या अर्धा मिनिट मागं असते, हे आम्हाला ठाऊक होतं, पण त्याचा अर्थ त्या दिवशी कळला.

दुसरा हाफ संपत आला होता. शून्य शून्य. मोबाइलवर आमचा एक पोरगा डाव्या बाजूला थ्रो घ्यायला चेंडू पुसत उभा होता आणि चौकात एकदम फटाक्यांची माळ लागली.

मी ओरडणार, तेवढ्यात आत्यांनी माझं तोंड दाबलं. "गप! माझ्या मोबाइलात अजून गोल व्हायचा हाय!"

गल्लीतून कुणीतरी "आत्याऽऽ, ऐकलं का" म्हणून हाक मारली. आत्या जोरात म्हणाल्या, "मला कोण काय सांगू नका!"

ते अर्धं मिनिट मी विसरणार नाही. गोल होणार हे आम्हाला माहीत होतं, फक्त कसा ते माहीत नव्हतं. थ्रो झाला. चेंडू गर्दीत गेला, कुणाच्या तरी खांद्याला लागला, परत आला. आमच्या स्ट्रायकरनं लाथ घातली ती हुकली आणि चेंडू त्याच्या नडगीला लागून घरंगळत, घरंगळत, गोलकीपरच्या हाताखालून आत गेला.

आत्या मोबाइलकडं बघत राहिल्या. "ह्योच त्यो गोल? एवढ्यासाठी तेरा वरसं?"

आणि मग त्यांनी पदर तोंडाला लावला. त्यांचे खांदे हलायला लागले. हसतायत की रडतायत, मला कळेना. मी त्यांना धरून बसले. शेवटच्या शिट्टीचे फटाकेही आधीच वाजले, पण मोबाइलवरची शिट्टी होईपर्यंत त्यांनी मला जागचं हलू दिलं नाही.

दिवेलागणीला संघ गल्लीतून आला. आत्यांनी हट्ट धरला, म्हणून शेजारच्या चौघीजणींनी त्यांना खुर्चीसकट दारात नेऊन ठेवलं. गुलालानं माखलेला गोलकीपर पाया पडायला वाकला. त्याचा कान धरून आत्या म्हणाल्या, "पहिल्या हाफात तू दोनदा एवढा म्होरं का आलतास? नशीब त्यांचं पाय वाकडं हुतं!" माझा नवरा मागं उभा होता. मुलगी त्याच्या खांद्यावर डोकं टेकून पेंगत होती. त्यानं माझ्याकडं बघितलं आणि नुसती मान हलवली. डोळे लाल होते, गुलालानं असतील.

पुढच्या रविवारी सेमी फायनल आम्ही तीन गोलनं हरलो. आत्या वॉकर घेऊन स्टेडियमात आल्या होत्या. वर चढायला आम्हाला इतका वेळ लागला की पहिला गोल पायऱ्यांवरच झाला. सामना संपल्यावर गर्दी ओसरेपर्यंत बसून राहायचं ठरलं. पोरं मैदानात पाठीवर पडली होती आणि माझा नवरा एकेकाला हात देऊन उठवत होता.

"मधल्या फळीत एक चांगला गडी बघायला पायजे," आत्या शेंग फोडत म्हणाल्या. मग पुडी माझ्यापुढं केली. मैदानात पाण्याचे पाइप सुरू झाले, तरी आम्ही तिथंच होतो.