चेट्टियारांची मुलगी शाळेत जाते

देवकोट्टैच्या पेढीवाल्या घराण्यातले वैरवन चेट्टियार मद्रासच्या कायदेमंडळात मुलींच्या शाळेसाठी सहा वर्षं भांडले. शेवटी गावात शाळा झाली, चेट्टियारांचा सत्कारही झाला. त्यांची बायको मेय्यम्मै मात्र वैतागली होती, कारण त्यांची दहा वर्षांची उमैयाळ अजून घरीच होती.

"अहो, लोकांच्या मुलींनी शिकायचं, आणि आपली?"

"आई नको म्हणते गं. आपल्या मुली रस्त्यानं चालत जात नाहीत म्हणे."

"गोऱ्या साहेबापुढे तोंड चालतं, आणि आईपुढे दातखीळ बसते होय!"

चेट्टियारांनी पेढीची वही उघडली. सोमवारी मेय्यम्मैनंच उमैयाळचा हात धरला आणि भर रस्त्यानं निघाली. सासू दारातून ओरडत राहिली. शाळेच्या फाटकाशी मागून चेट्टियार धावत आले.

"थांब," ते धापा टाकत म्हणाले, "बापाची सही लागते."