वग लिहिणारा कारकून

भोरच्या कचेरीतला एक कारकून आमच्या जत्रेसाठी विनोदी वग लिहायचा. चेहरा मात्र कायम सुतकी. तालमीत आम्ही हसायला लागलो, की तो वैतागायचा.

एका वर्षी त्यानं धरणाच्या साहेबावर वग लिहिला आणि प्रयोगाला तो साहेबच पहिल्या रांगेत येऊन बसला. मामलेदारांनी कारकुनाला दटावलं, "वगातल्या साहेबानं एक शब्द जरी काढला, तर तुझी नोकरी गेली."

साहेबाचं सोंग माझ्याकडं होतं. कारकून मला म्हणाला, "तोंड उघडू नगंस. शेतकरी इचारतील, जमीन कवा मिळंल? तवा निसती ढेरी खाजव."

मी खाजवली. धरणात जमिनी गेलेली माणसं हसून हसून लोळली.

नोकरी वाचली, पण वेल्ह्याला बदली झाली. एसटीत चढताना त्यानं एवढंच विचारलं, "तितली जत्रा कवा असती रं?"