अश्मयुगाचं मराठी डबिंग

लॉकडाउनमध्ये बाहेर लोक टॉयलेट पेपर साठवत होते, आमच्याकडे किस्से साठत होते. तेही अशा मंडळींचे, ज्यांना वर्षभरात म्यूटचं बटण सापडलं नाही.

आम्ही नेदरलँड्समध्ये राहतो. माझी लेक इरा सात वर्षांची. मराठी सगळं समजतं, उत्तर मात्र डचमध्ये. पुण्यात बाबांची पंचाहत्तरी आली होती, विमानं बंद. ते फोनवर म्हणाले, "नातीच्या तोंडून एक मराठी वाक्य ऐकायचंय गं." मला फार लागलं ते. म्हणून ठरवलं, एका मूक फिल्मला मराठी आवाज द्यायचा आणि वाढदिवसाला दाखवायची. शंभरेक वर्षं जुनी अमेरिकन कार्टून फिल्म, गुहेतलं जोडपं आणि त्यांच्या दारात ठाण मांडून बसलेला डायनासोर. डायनासोर म्हणजे इरा. वाक्य एकच, "मला भूक लागली आहे."

*

नवऱ्याचा मित्र समीर टिलबर्गला असतो, आयटीत मॅनेजर. त्याने ऑफिससारखी रोज सकाळी कामाच्या आढाव्याची स्टँड-अप मीटिंग लावली. कार्टूनसाठी!

"डायनासोरचं स्टेटस काय?"

मी म्हटलं, "नामशेष."

*

समीरची बायको मीनल संवाद लिहीत होती. तिची गुहेतली बाई नवऱ्याला "अहो" म्हणायची.

समीर म्हणाला, "अश्मयुगात अहो कुठलं? लग्नं तरी होत होती का?"

"दारात डायनासोर बसलाय आणि हा ढिम्म हलत नाही. लग्न झालेलंच आहे."

अख्खी संध्याकाळ यात गेली.

*

रेकॉर्डिंगला इरा म्हणाली, "इक हेब होंगर." वाक्य तेच, पण डचमध्ये.

"मराठीत, राणी."

"डायनासोरला मराठी येत नाही," हेही डचमध्येच. समजावलं, चॉकलेट दिलं, ओरडले. बया हटेना. शेवटी तिच्या जागी समीरचा आवाज घातला. बाबांना काय सांगू, या विचाराने मला रडूच आलं.

*

वाढदिवसाला सगळे कॉलवर. समीरने फिल्म लावली. चित्र दिसतंय, आवाज नाही. मीनल म्हणते, साउंड शेअर कर. समीर म्हणतो, केलाय. नवरा म्हणतो, बंद करून चालू कर. मी त्या तिघांवर ओरडतेय. तिकडे बाबा ऐकू यावं म्हणून कानामागे हात धरून बसलेले.

इरा खुर्चीवर उभी राहिली, कमरेवर हात ठेवले आणि म्हणाली, "एकाला अक्कल असेल तर शपथ!"

बाबांचे डोळे भरून आले.

"पुन्हा म्हण गं, बाळा."

इराने पुन्हा म्हटलं. या वेळी माझ्याकडे बघून.