डाव्या खिशातले तुरीचे दाणे

तुम्ही सभेला किती वाजता पोचता? पत्रकावर छापलेली वेळ नको, खरी सांगा. सबंध वर्धा जिल्ह्यात या प्रश्नाचं खरं उत्तर एकाच माणसाजवळ आहे, आणि ते माझे मावसाजी.

सिंदीजवळच्या आमच्या गावात ते वांगी पिकवतात. संख्याशास्त्राच्या एका पेपरात त्यांची बी.एस्सी. अडकली, तेव्हापासून त्या विषयावर त्यांनी सूड उगवलाय. गावात लग्न असो की सभा, उजव्या खिशात तुरीचे दाणे भरून ते दाराशी उभे. माणूस आत गेला की एक दाणा डाव्या खिशात. दर पाव तासाला डावा खिसा मोजायचा, आणि सगळं आटोपल्यावर आलेखाच्या कागदावर ठिपके द्यायचे: इतक्या वाजेपर्यंत शंभरातले इतके आले. ठिपके जोडले की रेघ चढत जाते, उतरत मात्र कधीच नाही. "आलेला माणूस न-आलेला कसा होईन?" असं ते विचारतात. रेघ आडवी पडली की त्या वेळात कोणी आलं नाही. ताठ झाली की सिंदीला पॅसेंजर लागली. सरासरीचा त्यांना भयंकर राग. "सरासरीनं जेवशील तं एक दिवस उपाशी, दुसऱ्या दिवशी जुलाब." एकदा मावशीला म्हणाले, "पंधरा मिनिटांत तुह्या निम्म्याच पोळ्या होतात." मावशी म्हणाली, "बाकीच्या तुमी लाटा." तेव्हापासून स्वयंपाकघर अभ्यासातून वगळलं गेलं.

मी मात्र पत्रकांवर वाढलेली. दोन हजार सालच्या सुमारास माझी लढाई शाळेतल्या मुलींच्या संडासासाठी होती. तो नव्हताच, आणि माझी धाकटी बहीण सातवीतूनच घरी बसायच्या बेतात होती. ठराव ग्रामसभेत मांडायचा, तर शंभर माणसं हजर हवीत. सभा अकराची. साडेअकराला सरपंच घड्याळ दाखवून ती तहकूब करत, आणि तहकूब सभेत नवा विषय घेता येत नसे. दोनदा हेच झालं. मग मी जळजळीत पत्रक लिहिलं: 'गाव झोपलं आहे!'

मावसाजींनी वही उघडली. सरपंच गेल्यावरही ते दुपारपर्यंत दाराशी मोजत बसले होते.

"गाव झोपलं नाई, भाजी तोडून राह्यलं. येणारे दोनशे. साडेअकरापर्यंत शंभरातले तीस, सव्वाबारापर्यंत सत्तर. तू पत्रकात सव्वादहा छाप. रेघ पाऊण तास डावीकडे सरकते."

"मी खोटी वेळ छापणार नाही."

"काऊन? लग्नपत्रिकेत सारेच छापतात."

"म्हणूनच कोणी वेळेवर येत नाही."

दोन दिवस आम्ही बोललो नाही. तिसऱ्या दिवशी मी त्यांची रेघच पत्रकावर छापली. साडेअकराजवळ एक उभी काठी, 'येथे सरपंच उठतात', आणि खाली एकच ओळ: 'तुम्ही काठीच्या कुठल्या बाजूला?'

अख्खं गाव त्या रेघेवर स्वतःला शोधू लागलं. शेजारच्या म्हाताऱ्या काशीबाईंनी विचारलं, "हा सगळ्यात वरचा, शेवटचा ठिपका मी हाव का?"

"हौ," मावसाजी म्हणाले, "सतरंज्या गोळा होऊन राह्यल्या, तवा आलत्या तुमी."

सभेच्या दिवशी काशीबाई दहालाच येऊन बसल्या आणि येणाऱ्या प्रत्येकाला "आले का बाप्पा, काठीच्या पल्याडचे?" असं सुनावू लागल्या. अकरा पंचवीसला मावसाजींनी डावा खिसा टेबलावर रिकामा केला. एकशे बारा दाणे.

"मी माणसं मोजतो, तूर नाही," सरपंच म्हणाले. मोजली. एकशे अकरा.

"एक कमी आहे," सरपंच म्हणाले.

"तो मी," त्यांच्या खांद्यामागून मावसाजी म्हणाले.

ठराव झाला. संडास उभा राहीपर्यंत बहिणीची अर्धी आठवी झाली, पण शाळेत झाली.

पुढच्या सभेला रेघ पुन्हा उजवीकडे घसरली. मी संतापले. मावसाजींनी तहकूब सभेचा जुना आणि या सभेचा नवा, असे दोन्ही कागद खिडकीच्या उजेडात एकावर एक धरले आणि हळूच म्हणाले, "सारी नाई घसरली, पोरी. पाव तास राह्यला नं आपल्याकडं." त्या पाव तासाकडे ते बराच वेळ पाहत राहिले.

तुमच्या गावची ग्रामसभा कधी आहे, ते उद्याच विचारून या. त्या दिवशी छापलेल्या वेळेला जा, आणि जाताना शेजारच्या एकाला तरी उठवून न्या.