निवळपंथी डोमाजी

डोमाजींच्या दुकानात लुगडं घ्यायला गेलं की आधी डोकं फिरायचं. बाई विचारायची, "हे लाल आहे ना हो?" डोमाजी ते दारातल्या उजेडात धरून म्हणायचे, "लाल दिसते बाई. हाय का नाई, ते मी कसं सांगू?" बरं, माणूस चेष्टेखोर नव्हता. गिऱ्हाइकाला चहा पाजणारा, कापड वीतभर जास्तच फाडणारा. पण एखादी वस्तू अमुक रंगाची 'आहे' असं त्यांच्या तोंडून कधी निघालं नाही. एकोडीच्या बायका हसायच्या, "डोमाजीले कायले विचारतं वो? लुगडं घ्यायले जाशील अन् परवचन घेऊन येशील."

आणीबाणी उठली त्या वर्षी माझी बदली एकोडीच्या शाळेत झाली. डोमाजींच्या घराची रस्त्याकडची खोली मी भाड्याने घेतली. ते विधुर, घरात ते आणि त्यांची एकुलती मुलगी सुमन. पोरगी विशीच्या आतली, बडबडी, बापावर जीव टाकणारी. संध्याकाळ झाली की डोमाजी दुकानाला कुलूप लावून तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, जात. मला वाटलं, फिरायला जात असतील. हळूहळू कळलं की प्रकरण वेगळंच आहे.

गावात निवळपंथाची थोडी घरं होती. ना देव, ना मूर्ती, ना पोथी. पंथ काय, असं विचारल्यावर डोमाजींनी मला ओट्यावर बसवून सांगितलं. "मास्तरीणबाई, उजेड म्हंजे तलावाचं पानी. रंग म्हंजे त्यातला गाळ. आपन जनमभर गाळच पाहून राहिलो अन् म्हनून राहिलो, वा, काय दुनिया हाय! गाळ खाली बसला का मंग उरते तो निवळ उजेड. तेच खरं. बाकी समदं दिसनं."

मला ते ऐकायला फार आवडलं, खोटं कशाला बोलू! शाळेत दिवसभर पाढे घोकून घेतल्यावर असं बोलणारा माणूस भेटला की बरं वाटतं. पण पाळीवर ते काय करत, ते एकदा मी जाऊन पाहिलं. मावळतीचा सूर्य पाण्यात उतरलेला असायचा आणि ही मंडळी त्या लखलखत्या पाण्याकडे पापणी न लववता बघत बसायची, पार बुडेपर्यंत. डोळ्यांना धारा लागल्या तर म्हणायचे, गाळ वाहून चालला. मग पाळीवर बांबूला बांधलेल्या चार फडक्यांकडे बघायचं: लाल, हिरवं, पिवळं, निळं. ज्याला ज्या फडक्याचा रंग दिसेनासा झाला, त्याचा तो रंग निवळला.

डोमाजींचा लाल निवळला त्या दिवशी घरात पंथाची माणसं जमली, पोहे वाटले, डोमाजींना हार घातला. आणि नंतर घरातलं लाल म्हणून जे जे होतं ते उचललं. मिरच्या गेल्या, सुमनच्या रिबिनी गेल्या, देवळीतला कुंकवाचा करंडा गेला. भिंतीवरच्या कॅलेंडरातले रविवारसुद्धा कात्रीने कापून काढले. दुकानातली लाल लुगडी ऐन लग्नसराईत बाजारात फुकट वाटली. मी म्हटलं, "अहो डोमाजी, धंदा बुडेल!" ते हसले. "जे नाईच ते इकत होतो बाई इतके दिवस. पाप तं ते होतं."

पुढच्या दिवाळीपर्यंत हिरवा गेला. मग पिवळा. डोमाजी चहा कपाच्या बाहेर ओतू लागले. कापड मोजताना गज चाचपून धरू लागले. मी विचारायची, "आता काय दिसतं हो?" पूर्वी एका प्रश्नाला घटकाभर बोलणारा हा माणूस आता एवढंच म्हणायचा, "निवळ." आणि भिंतीला हात लावून आत जायचा. मला त्या एका शब्दाची भीती वाटायला लागली होती.

निळाही गेला. सगळे रंग निवळले की त्या माणसाचं बसणं संपलं, पण त्याची जागा पाळीवर रिकामी ठेवायची नाही, घरातलं दुसरं माणूस तिथं बसवायचं, असा रिवाज. घरात दुसरं होतं कोण? सुमन. तिला नवं पांढरं लुगडं नेसवून बसवली. सहा महिन्यांत ती एकदा वरणाच्या पातेल्यापाशी हरखून मला म्हणाली, "बाई, हळद टाकली का नाई तेच समजत नाई वो! मी तं बाबाच्याही पुढं चालली!"

मी तिचं मनगट धरलं आणि बांगड्या घ्यायच्या बहाण्याने थेट भंडाऱ्याला डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. त्यांनी बराच वेळ तपासलं आणि मला बाजूला घेतलं. "उन्हानं आतला पडदा जळतोय. गेलं ते येणार नाही. आज थांबली तर उरलेलं वाचेल." परतीच्या एसटीत मी सुमनला सगळं सांगितलं, समजावलं, रागावलेसुद्धा. ती म्हणाली, "डाक्टरच्या हातातला दिवाही गाळच दाखवते ना बाई?" बापाचंच बोलणं, अगदी बापाच्याच सुरात.

घरी येऊन मी डोमाजींसमोर बसले आणि डॉक्टरांचं वाक्य जसंच्या तसं सांगितलं. ते चाचपडत माझ्याजवळ सरकले. मग म्हणाले, "डोळे जळले म्हनला? निवळले नाई?" आणि माझा हात घट्ट धरून, आवाज दाबून, "मले काई दिसत नाई बाई. उजेड-बिजेड काई नाई. काळं हाय समदं. मले वाटलं, माह्यातच खोट असन, म्हनून बोललो नाई." मला रडूच कोसळलं. इतका शहाणा, इतका गोड माणूस, आणि त्या काळोखात एकटा बसून होता!

दुसऱ्या दिवशी पाळीवर सगळ्यांसमोर त्यांनी हेच सांगितलं. "आयका बापा हो, काई नाई हाय तिथं! पोट्टीले उठू द्या!" पंथातला वडीलधारा शांतपणे म्हणाला, "भेव वाटून राहिलं डोमाजी तुले. भेव हा शेवटचा गाळ असते." सगळ्यांनी माना डोलावल्या. सुमनही हसून माझ्या कानाशी म्हणाली, "बाबा माही परीक्षा घेऊन राहिले." जन्मभर ज्याने शिकवलं, त्याचंच आता कुणी ऐकेना.

त्यानंतर डोमाजी रोज काठी टेकत तलावावर येऊ लागले. गुडघाभर पाण्यात उतरायचे, पाठीवर ऊन लागतंय ते बघून सूर्य कुठे आहे याचा अंदाज घ्यायचे, आणि मुलीच्या समोर हात पसरून उभे राहायचे. पंथाची माणसं चिडायची, दगडधोंड्यांवरून त्यांचा पाय घसरायचा, पण ते हटायचे नाहीत. विचारायचे, "सावली पडली का वो सुमन तुह्यावर?"

माझी बदली झाली त्या मे महिन्यातली ती शेवटची संध्याकाळ. सामान बांधून मी निरोप घ्यायला पाळीवर गेले. डोमाजी पाण्यात उभे होते. सुमन हळूच सरकून त्यांच्या डावीकडे बसली होती, आणि सगळा सूर्य तिच्या डोळ्यांत.

"पडली का वो सावली?"

"पडली बाबा."

मी ओरडले, "डोमाजी, डावीकडे सरा!" ते धडपडत सरले. ती उजवीकडे गेली. "उजवीकडे, डोमाजी!" ते पुन्हा सरले. धोतर चिंब भिजलेलं, धाप लागलेली, हात तसेच पसरलेले. ती सरकत होती, मी ओरडत होते, ते सरत होते. माझा घसा बसला. शेवटी पाणी काळं पडलं आणि सुमन उठून घराकडे निघून गेली.

"मास्तरीणबाई, बुडला का?"

"बुडला."

ते तिथंच, पाण्यात खाली बसले. म्हणाले, "आजचा दिवस तं वाचवला बापा. उद्या कोन सांगन मले, ते कुठं बसली?"